धारडीच्या खाली

मुंबई सरकारच्या दप्तरातले निवडक कागद छापण्याची एक माला एकोणिसाव्या शतकात चालू होती. तिच्यातल्या एका भागाचं नाव चांगलं लांबलचक आहे. मराठीत आणायचं तर ते असं होईल: धारडीच्या धबधब्यापासून मंडलेश्वरापर्यंत आणि मंडलेश्वरापासून भडोचपर्यंत नर्मदेतून खाली येताना ठेवलेल्या रोजनिश्या. ठेवणारे लेफ्टनंट कीटिंग आणि लेफ्टनंट इव्हान्स. सोबत नदीचा नकाशा.

पुस्तक उघडण्याआधी हे नावच सावकाश वाचावं, कारण निम्मी हकिकत त्यातच आहे. प्रवास जबलपूरहून सुरू होत नाही, होशंगाबादहूनही नाही. तो धबधब्याच्या खालून सुरू होतो. म्हणजे धबधब्याच्या वरची नदी आणि खालची नदी या नावेच्या हिशेबानं दोन वेगळ्या नद्या. मंडलेश्वराला प्रवासाचे दोन तुकडे पडतात. आणि तिसरी गोष्ट, मला सगळ्यांत बोलकी वाटते ती: रोजनिश्या फक्त खाली येण्याच्या आहेत. प्रवाहाबरोबर ओंडकाही भडोचला पोचतो. मालवाहतूक म्हणायची तर त्याच नावेनं मीठ, नारळ, कापड घेऊन परत वर चढायला हवं, आणि त्या चढणीचा या नावात उल्लेख नाही.

दोन तरुण अधिकाऱ्यांना या उचापतीला का लावलं असेल, हे समजायला इंदूरच्या बाजारात यावं लागतं. १८१८च्या मंदसोरच्या तहानंतर होळकरांची राजधानी इंदूरला स्थिरावली, आणि माळव्याच्या अफूचा व्यापारही इथं गोळा होत गेला. कंपनी सरकारला ही अफू मुंबईमार्गेच जायला हवी होती. व्यापारी मात्र पाली, जैसलमेर, कराची असा वळसा घालून ती पोर्तुगीजांच्या दमणला पोचवत. १८४३मध्ये सिंध इंग्रजांकडे गेला, ती वाट आवळली आणि मुंबईच्या परवान्याचा दर चढू लागला. १८३५मध्ये पेटीमागे १२५ रुपये होता, तो १८४३मध्ये २००, १८४५मध्ये ३०० आणि १८४७मध्ये ४०० झाला. पेटी साधारण १४० पौंडांची. एवढ्या वजनावर सरकार ४०० रुपये घेत असेल, तर मालाच्या वाटेत सरकारला रस असणारच.

पण याच आकड्यांत नदीच्या विरुद्धचा पुरावाही आहे. सोन्यासारखा महाग आणि तुलनेनं हलका माल बैलाच्या पाठीवरून गेला काय नि नावेतून गेला काय, भाड्यानं त्याच्या किमतीत फारसा फरक पडत नाही. नदीचा खरा फायदा कापूस, धान्य, लाकूड अशा अवजड आणि स्वस्त मालाला. शिवाय इंदूर समुद्रसपाटीपासून साडेपाचशे मीटरवर, आणि नर्मदा विंध्याच्या पायथ्याशी जवळजवळ चारशे मीटर खाली. नाव मंडलेश्वरी येऊन उभी राहिली, तरी घाट उतरायला बैल लागणारच होते. एकदा बैल जुंपलेच, तर ते पुढंही चालतात.

त्या काळी आगबोटीचं वारं सगळ्यांच्या अंगात शिरलं होतं हेही खरं. १८३४मध्ये गंगेवर ‘लॉर्ड विल्यम बेंटिंक’ ही लोखंडी आगबोट आली आणि कलकत्ता-अलाहाबाद ही वाफेची वाट सुरू झाली. तेव्हापासून नकाशावर निळी रेघ दिसली की साहेबाला तिच्यात धुराडं दिसे. नर्मदा तर १३१२ किलोमीटरची, पश्चिमेला तोंड करून थेट मुंबईच्या समुद्राकडे निघालेली. कागदावर तिच्याइतकी सोयीची नदी नाही.

मराठी कागदांत ही नदी अगदी निराळी दिसते. तिथं ती आडवी आहे. ‘नर्मदापार’ हा शब्दच पाहा. नर्मदा आणि चंबळ यांच्या मधला मुलूख बाजीरावानं १७३८मध्ये निजामाकडून लिहून घेतला. त्या करारात नदी ही हद्द आहे, वाट नाही. दक्षिणेतून उत्तरेत जाणारी फौज ती ओलांडायची कुठं, एवढंच बघे, आणि त्यासाठी ‘उतार’ असा नेमका शब्द आपल्याकडे आहे. हंडिया, बडवाह, मंडलेश्वर, अकबरपूर ही नावं इतिहासात येतात ती बहुतेक वेळा ओलांडण्याच्या जागा म्हणून. खुद्द बाजीराव २८ एप्रिल १७४० रोजी रावेरखेडीला वारला, तो अशाच एका उताराजवळच्या मुक्कामावर. तिथली समाधी पाण्याकडे बघत उभी आहे. पेशवाईची स्वारी-शिकारी पन्नास-साठ वर्षं या काठावरून जात-येत होती. नदीतून लांबीनं माल न्यावा असं कुणाला सुचलं नाही म्हणून त्यांना अडाणी ठरवण्याआधी नदीचा तळ पाहावा.

तळाचा एक तुकडा आपल्यापैकी बऱ्याच जणांच्या देव्हाऱ्यातच असतो. नर्मदेचा बाण. आमच्या घरचा आवळ्यापेक्षा जरा मोठा आहे, तपकिरी, पोटावर फिकट पट्टा, आणि अंगठ्यानं कितीही चाचपला तरी कुठं कंगोरा लागत नाही. कोरड्या माणसाला आपण नर्मदेतला गोटा म्हणतो, तुळतुळीत डोक्यालाही म्हणतो. हे बाण पूर्वी मुख्यतः जिथून यायचे, ती जागा म्हणजे धारडी-धाराजीचाच परिसर, देवास जिल्ह्याच्या दक्षिण टोकाला. वरून पडणारं पाणी खडकात रांजणासारख्या खळग्या करी, खळग्यांत अडकलेला दगड घुसळला जाई, आणि वर्षानुवर्षं गरगरून गुळगुळीत होई. इम्पीरियल गॅझेटियर हंडियाच्या खाली मंधारला आणि पुढं पुनासाजवळ असे सुमारे ४० फुटांचे दोन धबधबे नोंदवतो. पूजेत त्या दगडाला चंदन लागतं. नावाड्याच्या दृष्टीनं तो साक्षीपुरावा आहे: जिथं दगड असा घासला जातो, तिथं लाकडी तळाचं काय होईल ते सांगायला नको.

धबधबा संपला तरी नदी सुधारत नाही. महेश्वराच्या खाली सहस्रधारा आहे. तिथं नर्मदा काळ्या खडकांतून इतक्या फाट्यांनी फुटते की मुख्य प्रवाह कुठला, हे काठावरून ओळखू येत नाही. पुढं तेव्हा हिरणफाळ होती, म्हणजे हरणानं उडी मारून ओलांडावी इतकं अरुंद पात्र. मग शूलपाणीची झाडी, परिक्रमेवाल्यांना अंगावरचं लुगडं-धोतरसुद्धा गमावण्याची तयारी ठेवायला लावणारी. त्या काळी उन्हाळ्यात नदी म्हणजे डोहांची माळ: डोहात हत्ती बुडेल आणि दोन डोहांमधल्या खडकावर घोटाभर पाणी. पावसाळ्यात खडक बुडतात, पण मग प्रवाहाचा जोर असा की वर चढणाऱ्याला जागेवरच राहण्यासाठी झगडावं लागतं. गंगेवर चाललेली आगबोट इथं चालली नसती, कारण गंगेचा तळ गाळाचा आहे आणि नर्मदेचा बेसॉल्टचा. गाळात रुतलेली बोट निघते.

गॅझेटियरनं पुढं जो हिशेब लिहून ठेवला तो थोडक्यात असा: भडोचपर्यंत भरतीच्या आधारानं सुमारे ७० टनांची गलबतं, पावसाळ्यात नैर्ऋत्येचा वारा शिडात घेऊन तलकवाड्यापर्यंत, म्हणजे आणखी ६५ मैल, देशी नावा, त्याच्या वर व्यापारी नौकानयन नाही. कीटिंग आणि इव्हान्स भडोचपर्यंत उतरले हे रोजनिशीच्या नावावरूनच दिसतं. त्यांना सहस्रधारेतून आणि हिरणफाळेतून ज्यांच्या हातांनी नेलं असेल, त्या केवटांची नावं मात्र असल्या शीर्षकांत कधीच नसतात. नकाशा साहेबाचा, वल्हं केवटाचं.

कीटिंगचं पुढं बरं झालं. निमाडचा कारभार त्यानं मंडलेश्वरातून पाहिला, १८५८च्या मार्चमध्ये चंदेरीच्या लढाईत व्हिक्टोरिया क्रॉस मिळवला, आणि १८७४मध्ये आसामचा पहिला चीफ कमिशनर झाला. म्हणजे अखेर तो अशा नदीच्या काठी गेला, जिथं आगबोटी खरोखरच चालत होत्या. मंडलेश्वर त्याआधीच, १८६७मध्ये, दक्षिणेतल्या काही मुलखाच्या बदल्यात होळकरांकडे आलं होतं.

आता १८७० या एका वर्षाकडे पाहू. त्या नाताळात दक्षिण अमेरिकेत टिटिकाका सरोवरात ‘यावारी’ नावाची आगबोट पाण्यात उतरली. लंडनच्या टेम्स आयर्नवर्क्सनं ती आणि तिची जोडीदार अशा दोन बोटी २७६६ सुट्या भागांत पाठवल्या होत्या, आणि अँडीज पर्वतावरून खेचरांच्या पाठीवर ते भाग जवळजवळ चार हजार मीटर उंचीवर पोचायला वर्षं लागली. डोंगराला न घाबरता बोट वर नेता येते, फक्त वर मोठं सरोवर हवं. माळव्याला सरोवर नव्हतं. त्याच सुमारास तुकोजीराव होळकर दुसरे यांनी वेगळा सौदा केला. खंडव्याहून इंदूरला रेल्वे आणण्यासाठी त्यांनी इंग्रज सरकारला १ कोटी रुपये कर्जाऊ दिले. मुदत १०१ वर्षं, व्याज साडेचार टक्के, शिवाय जादा नफ्यात निम्मा वाटा. म्हणजे नुसत्या व्याजाचे वर्षाला साडेचार लाख. होळकर हिशेबाला पक्के होते, असं इंदुरात अजून म्हणतात ते उगीच नाही.

डिसेंबर १८७४मध्ये खंडवा-सनावद गाडी सुरू झाली, १८७६मध्ये बडवाहजवळ नर्मदेवर पूल झाला, १८७८मध्ये मीटर गेज घाट चढून इंदूरला पोचली. घाटात चढ ४० फुटांना एक फूट असा आहे. पातालपाणी-कालाकुंडच्या गाडीत बसलेल्यांनी तो अनुभवला असेल. नर्मदेला लांबीनं वापरण्याचा प्रश्न त्या पुलानं मिटवला. पूल म्हणजे तरी काय, दगड-लोखंडाचा उतारच. नदी पुन्हा आडवी झाली.

इंदूरच्या स्वतःच्या पाण्याचं म्हणाल, तर सिरपूर, पिपल्यापाला, बिलावली हे तलाव, आणि गंभीर नदीवर १९३९मध्ये बांधलेला यशवंतसागर, हे सारे शहराला पाणी पाजण्यासाठी. सिरपूर आणि यशवंतसागर २०२२मध्ये रामसर यादीत गेले. तिथं इंजिनाच्या नावेपेक्षा बदकांचा हक्क मोठा, आणि तेच योग्य आहे.

सरोवर माळव्याच्या पायथ्याशी आलं ते सव्वाशे वर्षं उशिरा. नर्मदा लवादानं डिसेंबर १९७९मध्ये नदीचं पाणी वाटलं: २८ दशलक्ष एकरफुटांपैकी मध्य प्रदेशाला १८.२५, गुजरातला ९, राजस्थानला ०.५ आणि महाराष्ट्राला ०.२५. वाटणी शेताची आणि विजेची. पुढं पुनासाला इंदिरासागर धरण झालं. १९८४मध्ये पायाभरणी, ९२ मीटर उंची, १२.२२ अब्ज घनमीटर साठा; ९१३ चौरस किलोमीटर पाणी पसरलं. २००४च्या जून-जुलैत हरसूद गाव लोकांनी आपल्याच हातांनी पाडून सोडलं, कारण घराच्या विटा-कौलं तेवढी बरोबर नेता येत होती. त्यांच्या बाबतीत ‘उशिरा’ हा शब्द वापरणंही बरं दिसत नाही.

आणि धाराजी. ७ एप्रिल २००५, भुतडी अमावास्येची जत्रा. रात्री भाविक पात्रात होते, वरच्या धरणातून सोडलेलं पाणी आलं, साठाहून अधिक माणसं गेली. दोन लेफ्टनंटांनी नाव पाण्यात ढकलली ती हीच जागा. दोन वर्षांनी ओंकारेश्वरचं धरण भरलं आणि धबधबा, रांजणखळगे, बाण घडण्याची ती गिरणी, सगळं स्थिर पाण्याखाली गेलं. आज बाजारात ‘नर्मदेचा बाण’ म्हणून जो मिळतो, तो बराचसा यंत्रावर घासलेला असतो. आमच्या देव्हाऱ्यातला त्याच्या आधीचा आहे.

तर खडक बुडाले, खोली आली. वाहायला माल मात्र उरला नाही: चीनला होणारी अफूची निर्यात १९१३मध्येच संपली, कापूस ट्रकनं जातो. २०१६च्या राष्ट्रीय जलमार्ग कायद्यात नर्मदेला ७३ क्रमांक मिळाला, पण तो खालच्या टप्प्याला, समुद्रापासून सव्वादोनशे किलोमीटर. नंदुरबारच्या अक्राणी-अक्कलकुव्यात सरदार सरोवराच्या काठच्या पाड्यांना बोट हाच रस्ता आहे. तिथं दवाखानासुद्धा बोटीतून येतो. या साऱ्या जलाशयांवर खरी गरजेची नौका म्हणावी तर ती.

इंदिरासागराच्या काठच्या हनुवंतियाला इंदूरहून मोटारीनं तीन-साडेतीन तास लागतात. २०१६पासून तिथं जल महोत्सव भरतो. लाल-पांढऱ्या स्पीडबोटी, वर मजला असलेली क्रूझ, नारिंगी जॅकेटं घातलेली पोरं, गर्रकन वळण घेऊन ज्या धक्क्यावरून निघाली त्याच धक्क्याला परत. मी सहज विचार करत होतो की ही क्रूझ इथं आली कशी. धरणाला नावा चढवायचं दार नाही, खाली ओंकारेश्वरच्या धरणालाही नाही. भडोचहून पाण्यानं वर येणं आजही अशक्यच. तेव्हा बोट तयार आली असेल तर ट्रेलरवर बसून, आणि सुट्या भागांत आली असेल तर ट्रकनं, यावारीसारखी. फक्त खेचरांच्या जागी दहा चाकं आणि घाटातला टोल.