निजामशहाचं आजोळ नव्हे, मूळ गाव

परवा एडिंबरोहून पुतण्याचा फोन. "काका, शाळेत लेकीला वंशवृक्ष काढायचाय. नावं सांगा." आजोबा, पणजोबा झाले आणि मी अडलो. आमच्याकडे गावचं कुलकर्णीपण होतं. 1950 च्या कायद्यानं वतन गेलं आणि माळ्यावरची दप्तरं वाळवीनं खाल्ली. संपला वंश!

तिच्या वर्गात पिक्ट लोकांचा धडा चालू होता म्हणे. स्कॉटलंडच्या उत्तरेचे हे जुने लोक. ते दूर सिथियातून गलबतांत बसून आले, असं आठव्या शतकात बीड नावाच्या साधूनं लिहून ठेवलं (आपल्या बीडचा संबंध नाही!). 2023 साली त्यांच्या हाडांमधला डीएनए तपासला, तर मंडळी तिथल्याच जुन्या रहिवाशांचे वंशज निघाले.

फोन ठेवला आणि मला बुऱ्हाण निजामशहा आठवला.

आपलं नगर, म्हणजे आताचं अहिल्यानगर, 1494 मध्ये मलिक अहमदानं वसवायला घेतलं. त्याचा बाप मलिक हसन. फिरिश्ता सांगतो की हा मूळचा विजयनगरचा ब्राह्मण, तिमाप्पा, भैरवाचा मुलगा. बहमनी फौजेच्या हाती लागला, मुसलमान झाला, राजपुत्राच्या सोबतीत वाढला. राजपुत्राला 'भैरव' म्हणता येईना, त्याचं झालं 'बहरी'. बहरी म्हणजे ससाणाही, आणि शिकारी पक्ष्यांचं काम मलिक हसनकडेच होतं. तर त्या भैरवाचे पूर्वज म्हणे गोदावरीच्या पट्ट्यातल्या पाथरीचे कुलकर्णी.

पाथरी तेव्हा वऱ्हाडच्या इमादशहाकडे. मलिक अहमदाचा मुलगा बुऱ्हाण गादीवर होता, पण अजून पोरसवदा. दरबारातून इमादशहाला निरोप गेला: आमच्या पूर्वजांचं गाव द्या, बदल्यात दुसरा परगणा घ्या. त्यानं नकार दिला आणि पाथरीला तटबंदी सुरू केली. गंमत अशी, की इमादशाहीचा मूळ पुरुषही विजयनगरच्या लढाईत पकडलेला कानडी हिंदू मुलगाच. म्हणजे दोघांचं दुखणं एकच! 1518 मध्ये नगरच्या फौजेनं पाथरी घेतली. ती पुन्हा गेली, पुन्हा घेतली, आणि शेवटी ब्राह्मण नातेवाइकांना देऊन टाकली.

फिरिश्ता लहानपणी नगरच्या दरबारात वाढलेला, पण लिहिलं त्यानं विजापुरात, सत्तर-ऐंशी वर्षांनी. त्यामुळे मला शंका येते. मुलूख हवाच होता, पूर्वज हे निमित्त झालं असेल. पण मग जिंकलेलं गाव नातलगांना कशाला द्यायचं? आणि राजे लोक पूर्वज शोधतात ते सूर्य, चंद्र, नाहीतर सिकंदर. गावच्या कुलकर्ण्याचा पणतू म्हणवून घेण्यात कुणाला काय मिळणार? म्हणून मला ते खरं वाटतं. धर्म बदलून दोन पिढ्या झाल्या तरी त्या घरात पाथरीचं नाव कुणीतरी सांगत असणार. आणि त्या नातलगांनीही 'तुम्ही आमचे कोण?' असं विचारल्याचं दिसत नाही.

पाथरीचं आणि नगरकरांचं हे जुनंच दिसतंय. जानेवारी 2020 मध्ये साईबाबांच्या जन्मस्थानावरून शिर्डी बंद होती, तीही पाथरीमुळेच.

असो. पुतण्याला उत्तर द्यायचंय. त्र्यंबकेश्वरच्या उपाध्यायांच्या वह्यांत आमच्या आजोबांची सही असेल, असं आत्या म्हणायची. पुढच्या आठवड्यात जाऊन बघतो.