‘गावी’ : शिडाचं नाव आणि खलाशांचा विसरलेला कोश

जुन्या जहाजांवरच्या खलाशांच्या बोलीत ‘गावी’ म्हणजे गावाकडे नव्हे. मोठ्या जहाजाच्या डोलकाठीवर, खालच्या शिडाच्या वर जे दुसरं शीड असायचं, ते ‘गावी’.

शब्द आला पोर्तुगीज ‘गाव्हिया’वरून. गाव्हिया म्हणजे डोलकाठीवरचा टेहळणीचा माचा. पुढे तिथल्या शिडालाही तेच नाव पडलं. त्याचंही मूळ लॅटिन ‘काव्हिया’, म्हणजे पिंजरा. इटालियन ‘गाब्बिया’ तर आजही पिंजरा आणि शीड, दोन्ही. ब्राझीलमध्ये रिओच्या किनाऱ्यावर सुमारे 844 मीटर उंचीचा एक कडा आहे. समुद्रावरून तो पोर्तुगीज खलाशांना या शिडासारखा दिसला, म्हणून त्याचं नाव ‘पेद्रा दा गाव्हिया’.

मग आपल्या खलाशांनी परका शब्द का घेतला? आपल्या गलबतांना एका डोलकाठीवर एकच मोठं तिरकं शीड असे. एकावर एक शिडं चढवायची रीत युरोपी जहाजांची. वस्तू नवी, म्हणून नावही नवं. पुढच्या डोलकाठीवरच्या शिडाला ‘तिरकट’ म्हणू लागले, तेही पोर्तुगीज ‘त्राकेते’वरून. डोलकाठी मात्र ओळखीची होती, म्हणून ती ‘डोल’च राहिली.

हे शब्द कोशात आणले ते कंपनीच्या सैन्यातल्या थॉमस रोबकने, 1811 साली कलकत्त्यात. हेतू एवढाच, की गोऱ्या अधिकाऱ्यांना खलाशांना हुकूम सोडता यावेत. वादळात वर चढून गावी आवरणारा खलाशी मात्र निनावी राहिला, आणि पगारही गोऱ्या खलाशापेक्षा कितीतरी कमी. रत्नागिरीपासून गोव्यापर्यंतची कितीतरी माणसं अशा जहाजांवर राबली. त्यांची बोली आपल्याला कळते ती साहेबाच्या कोशातून. हे लाजिरवाणं नाही का?

आता होड्यांना इंजिनं आली, शिडं गेली, आणि ती हाताळलेली माणसंही थकली. तेव्हा एक काम करा. घरात, वाडीत कुणी जुने तांडेल, खलाशी असतील तर विचारा : शीड ज्या आडव्या काठीला बांधतात तिला काय म्हणायचात? शीड ओढायच्या दोराला काय? शब्द आणि गावाचं नाव कमेंटमध्ये लिहा. यावेळचा कोश तरी आपण करू.