मोटोरिक ठेका

मोटोरिक: पश्चिम जर्मनीतील प्रायोगिक रॉकमध्ये १९७०च्या दशकात रूढ झालेला चार मात्रांचा अखंड ठेका. बास ड्रमची सतत पुढे रेटणारी चाल, दुसऱ्या व चौथ्या मात्रेवर स्नेअरचा आघात आणि हाय-हॅटची न थांबणारी समान लय, ही त्याची घडण. क्राफ्टवेर्क या गटातून बाहेर पडलेले ड्रमवादक क्लाउस डिंगर (१९४६–२००८) आणि गिटारवादक मिखाएल रोटर यांनी १९७१मध्ये ड्युसेलडॉर्फला ‘नॉय!’ हा गट स्थापला. त्यांच्या १९७२च्या पहिल्या अल्बममधील सुमारे १० मिनिटांची ‘हालोगालो’ ही रचना या ठेक्याचा नमुना मानली जाते.

हा ठेका यंत्रवत असल्याचा आक्षेप घेतला जातो. तो मान्य करता येत नाही. डिंगर हा ठेका हातांनी वाजवत, त्यामुळे आघातांच्या जोरात आणि झांजांच्या नादात बारीक फरक सतत पडत राहतात. ठेका बदलत नाही म्हणूनच गिटारच्या थरांतील बदल कानाला स्पष्ट जाणवतात. एकसुरीपणा ही येथे कल्पनेची उणीव नसून रचनेचे तत्त्व आहे. कोलोनच्या ‘कॅन’ गटातील याकी लीबेत्साइट (१९३८–२०१७) यांचे वादनही पुनरावृत्तीवर उभे आहे, म्हणून काही जण दोघांना एकाच नावाखाली आणतात. परंतु लीबेत्साइट यांचे आकृतिबंध अधिक गुंतागुंतीचे आणि आवर्तनी आहेत. येथे ‘मोटोरिक’ म्हणजे डिंगर यांचाच सरळ ठेका समजावा.