‘मान्य आहे’ : घरातील संगणक आणि न बोलावलेले पाहुणे

जून २०१७ मध्ये चेक पॉइंट या इस्रायली संगणकसुरक्षा कंपनीने एक अहवाल प्रसिद्ध केला. ‘फायरबॉल’ नावाची जाहिरातबाज आज्ञावली, म्हणजेच ॲडवेअर, जगभरातील सुमारे २५ कोटी संगणकांत शिरली असून त्यांपैकी २ कोटी ५३ लाख संगणक भारतातील आहेत, असा तिचा अंदाज होता. म्हणजे दर दहांतील एक. इतर कोणत्याही देशाचा आकडा याहून मोठा नव्हता.

फायरबॉलने कोणाच्या घराचे कुलूप तोडले नव्हते. माणूस आपल्या हाताने एखादी फुकट आज्ञावली उतरवून घेई आणि तिच्याच पोटात बसून फायरबॉल आत येई. मग ब्राउझरचे पहिले पान बदले, नेहमीच्या शोधयंत्राच्या जागी एक बनावट शोधयंत्र येई आणि वापरणाऱ्याची माहिती गोळा होऊ लागे. इतकेच नव्हे, तर त्या संगणकावर हवी ती आज्ञावली चालवण्याची क्षमताही तिच्यात होती. पुढे मायक्रोसॉफ्टने या आकड्यांवर आक्षेप घेतला. चेक पॉइंटने बाधित संगणक प्रत्यक्ष मोजले नव्हते, तर बनावट शोधपानांना मिळालेल्या भेटींवरून अंदाज बांधला होता आणि पानाला भेट देणारा प्रत्येक संगणक बाधित असतोच असे नाही. आक्षेप रास्त होता. तरीही आकडा बाजूला ठेवला, तरी एक प्रश्न उरतोच. अशा आज्ञावलीला घरात घेतले कोणी?

या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी तीन दशके मागे जावे लागते.

सुरुवातीचा शत्रू सरळ शत्रूच होता. १९८६ मध्ये लाहोरमधील दोन भावांनी लिहिलेला ‘ब्रेन’ हा विषाणू फ्लॉपीवरून फ्लॉपीवर पसरला. १९९० मध्ये भारतात ‘जोशी’ नावाचा विषाणू आढळला. दरवर्षी ५ जानेवारीला तो संगणक अडवून धरी आणि ‘हॅपी बर्थडे जोशी’ असे टंकित केल्याखेरीज पुढे जाऊ देत नसे. अशा विषाणूंवरचा उपायही सरळ होता. विषाणूच्या संकेतावलीतील ओळखीचा तुकडा शोधायचा आणि तो काढून टाकायचा. पुण्यात कॅल्क्युलेटर-दुरुस्तीच्या व्यवसायातून पुढे आलेले कैलाश काटकर आणि त्यांचे बंधू संजय यांनी नव्वदच्या दशकात उभे केलेले ‘क्विक हील’ याच काळातले. विषाणू कोणालाच नको होता. त्यामुळे तो काढावा की नाही, हा प्रश्नच उद्भवत नव्हता.

१५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमाने भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट खुले केले. त्या दशकाच्या अखेरीस जगभर एक नवा व्यवहार रूढ झाला. आज्ञावली फुकट द्यायची आणि तिचे मोल जाहिरातदाराकडून वसूल करायचे. ‘गेटर’ ही आज्ञावली परवलीचे शब्द लक्षात ठेवी आणि अर्ज आपोआप भरून देई. मोबदल्यात पडद्यावर जाहिरातींच्या खिडक्या उघडी. गाण्यांच्या देवघेवीसाठी लोकप्रिय झालेल्या ‘काझा’बरोबर अशा अनेक आज्ञावल्या येत. भारतात तेव्हा दूरध्वनीवरून जोडणी होई. वापराचे तास विकत घ्यावे लागत आणि फोनचे बिल वेगळे येई. मंद गतीच्या त्या तारेवरून न मागितलेली जाहिरातही ग्राहकाच्याच खर्चाने घरात येत होती.

१९९९ मध्ये ‘ॲड-अवेअर’ आणि २००० मध्ये ‘स्पायबॉट’ ही सफाईची साधने आली. पण इथे विषाणूच्या काळात नसलेली अडचण उभी राहिली. जाहिरातबाज कंपन्या म्हणू लागल्या, “वापरणाऱ्याने आमचा करार मान्य केला आहे.” २००३ मध्ये गेटरने आपल्या आज्ञावलीला ‘हेरगिरी करणारी’ म्हटल्याबद्दल अमेरिकेत एका संकेतस्थळावर बदनामीचा दावा लावला. सुरक्षा कंपन्यांनी मग शब्दच मवाळ केला आणि अशा आज्ञावल्यांना ‘संभाव्य नकोशी’ म्हणण्यास प्रारंभ केला. २००९ मध्ये ‘झँगो’ विरुद्ध कॅस्परस्की या खटल्यात अमेरिकेतील अपील न्यायालयाने सुरक्षा कंपनीला संरक्षण दिले, तेव्हा सफाई करणाऱ्यांची बाजू भक्कम झाली.

भारतीय कायद्यातही हाच पेच होता. माहिती तंत्रज्ञान कायदा, २००० च्या कलम ४३ नुसार मालकाच्या परवानगीवाचून संगणकात विषाणू किंवा दूषित आज्ञावली सोडणाऱ्याला भरपाई द्यावी लागते. सगळा भार ‘परवानगीवाचून’ या शब्दावर आहे. पानामागून पान वाढणाऱ्या इंग्रजी कराराखाली, न वाचता दाबलेले ‘मान्य आहे’ हे बटन म्हणजे परवानगी की परवानगीचा देखावा?

२००४ मध्ये स्थापन झालेल्या सर्ट-इन या राष्ट्रीय संस्थेने २१ फेब्रुवारी २०१७ रोजी, म्हणजे फायरबॉलच्या अहवालापूर्वी काही महिने, सायबर स्वच्छता केंद्र सुरू केले. तेथे सी-डॅकने घडवलेली काही साधने नागरिकांना मोफत मिळू लागली. त्यांतील ‘ॲपसंविद’ची रीत जुन्या सफाईच्या नेमकी उलट आहे. वाईट आज्ञावल्यांची यादी करून त्या रोखण्याऐवजी, आधी मंजूर केलेल्या आज्ञावल्याच ती चालू देते. न ओळखलेल्याला दार बंद.

कायद्याची भाषा त्यानंतर बदलली. नोव्हेंबर २०२३ मध्ये केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने ग्राहकाला फसवणाऱ्या १३ मांडणी-क्लृप्त्यांची यादी अधिसूचित केली. खरेदीच्या टोपलीत गुपचूप वस्तू टाकणे, संबंध नसलेली सेवा घेण्यास भाग पाडणे, जाहिरात वेगळ्या वेषात दाखवणे, विषाणूची खोटी भीती घालून पैसे उकळणे, हे सारे तीत आहे. त्याच वर्षीच्या व्यक्तिगत विदा संरक्षण कायद्यानुसार संमती मुक्त, विशिष्ट, माहितीपूर्ण, विनाअट आणि निःसंदिग्ध असावी लागते. जे दार विषाणूविरोधी साधनांना पूर्ण बंद करता आले नाही, त्याची चौकट कायद्याने अखेर आखली.

तोवर घरचा पहारा घरच्यांकडेच आहे. आज्ञावली तिच्या मूळ निर्मात्याच्याच संकेतस्थळावरून घ्यावी. ती बसवताना झटपट मार्ग न निवडता ‘कस्टम’ हा पर्याय घ्यावा आणि आधीच केलेल्या खुणा एकेक करून काढाव्यात. रोजच्या कामासाठी प्रशासकाचे अधिकार नसलेले खाते वापरावे. विंडोजमध्ये संभाव्य नकोशा आज्ञावल्या रोखण्याची सोय आहे. ती चालू आहे का, हे पाहावे. अनोळखी संकेतस्थळ सूचना पाठवण्याची परवानगी मागते, तेव्हा ‘नाही’ म्हणावे. आजच्या बऱ्याच जाहिराती त्याच वाटेने येतात.

जोशी विषाणू निदान वर्षातून एकदाच अडवत असे आणि आपण कोण, हे सांगत असे. त्याच्यानंतर आलेले पाहुणे नाव न सांगता, यजमानाच्याच सहीने आत येतात. म्हणून ती सही जपून करावी.