अश्लील सामग्रीचे वितरण (धाराशिव जिल्हा)

प्रौढांसाठीची कामोत्तेजक पुस्तके, चित्रपट व चित्रफिती ज्या मार्गांनी आणि ज्या हातांनी ग्राहकापर्यंत पोहोचतात, त्यांचा विचार या नोंदीत केला आहे. पूर्वीच्या उस्मानाबाद, म्हणजे आजच्या धाराशिव जिल्ह्यात या व्यवहाराची स्थित्यंतरे मराठवाड्यातील इतर जिल्ह्यांप्रमाणेच घडली. मुंबईत जे आधी आले ते येथे काहीसे उशिरा आले, एवढाच भेद.

भारतीय दंडसंहितेच्या २९२ व्या कलमाचा सारा रोख विक्रेत्यावर असे. वाचकाने आपल्या ट्रंकेत काय दडविले आहे याची पृच्छा ते करीत नसे. १९५९ साली मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्याकडे पोलिसांनी खोटे गिऱ्हाईक धाडून ‘लेडी चॅटर्लीज लव्हर’ची प्रत विकत घेतली, आणि त्यातून उद्भवलेल्या रणजित उदेशी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९६४ मध्ये असे ठरविले की, पुस्तकातील अश्लीलता दुकानदारास ठाऊक होती हे सिद्ध करण्याची जबाबदारी फिर्यादी पक्षावर नाही. दुकान, दुकानदार व जप्त करण्याजोगा मुद्देमाल ही त्रयी या निर्णयात गृहीतच होती.

तालुक्याच्या गावी एस.टी. स्थानकालगत मासिकांच्या आड ठेवलेली ‘पिवळी पुस्तके’ त्या त्रयीत चपखल बसत. ज्या १९८२ साली लातूर जिल्हा उस्मानाबादेतून वेगळा झाला, त्याच साली एशियाड क्रीडास्पर्धांच्या निमित्ताने रंगीत दूरदर्शन आले. पुढे भाड्याचे व्हीसीआर, व्हिडिओ पार्लरे आणि मग सीडीची दुकाने आली. माल बदलला, परंतु पंचनाम्यास जागा उरली होती.

खरी उलथापालथ केली ती स्वस्त मोबाइलने आणि नखाएवढ्या मेमरी कार्डाने. ‘गाणी भरून मिळतील’ अशी पाटी लावणाऱ्या दुकानांतून चित्रफितीही भरून मिळत. तेथून त्या ब्लूटूथने मित्रामित्रांत विनामूल्य फिरत. माहिती तंत्रज्ञान कायद्यात २००९ पासून अमलात आलेले ६७ अ हे कलम लैंगिक कृत्यांची सामग्री इलेक्ट्रॉनिक रूपाने पाठविणाऱ्यासही शिक्षा सांगते. म्हणजे कालचा ग्राहक, त्याच्या नकळत, कायद्याच्या दृष्टीने वितरक होऊन बसला.

सप्टेंबर २०१६ मध्ये जिओची सेवा सुरू होऊन डेटा स्वस्त झाला, तेव्हा कार्ड भरणाऱ्या दुकानदाराचेही प्रयोजन संपले. सरकारने २०१५ मध्ये ८५७ संकेतस्थळे रोखण्याचा आदेश काढून चारच दिवसांत तो पातळ केला, २०१८ मध्ये ८२७ स्थळांवर पुन्हा बंदी घातली आणि मार्च २०२४ मध्ये १८ ओटीटी मंच बंद केले. व्हीपीएनच्या युगात अशा याद्यांचा दरारा किती, हे वेगळे सांगावयास नको.

बालकांच्या शोषणाच्या चित्रांविषयी मात्र अंमलबजावणी अधिक कठोर आहे. २०१९ च्या करारानुसार एका अमेरिकी संस्थेकडे आलेल्या वर्दी दिल्लीतील राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाकडे व तेथून राज्यांच्या सायबर पोलिसांकडे येतात. अशी सामग्री प्रसाराच्या हेतूने बाळगणे हाही गुन्हाच असून, ती न पुसण्यावरून किंवा तिची वर्दी न देण्यावरूनही तो हेतू अनुमानता येतो, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने २३ सप्टेंबर २०२४ रोजी दिला.