सोसायटीच्या दारातला शिपाई

गावची सोसायटी आपली, सभासद आपले, उमेदवार दोन्हीकडचे आपलेच. मग निवडणुकीला पोलीस बंदोबस्त कशाला? हा प्रश्न आमच्या मोहगावात पारावर अनेकदा निघतो. उत्तर शोधायचे तर दीडशे वर्षे मागे जावे लागते.

१२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातल्या सुपे गावी शेतकऱ्यांनी सावकारांची दुकाने लुटली. खरा राग होता कर्जरोख्यांवर. दंगे पसरले, पोलीस आले, लष्करही आले. शिपाई उभा राहिला तो सावकाराच्या दारात. पुढे १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीचा कायदा झाला आणि १९०४ मध्ये सहकारी पतसंस्थांचा. गावातल्या दहा माणसांनी एकत्र येऊन संस्था काढावी, अशी ती सोय होती. ग्रामीण संस्थेत जबाबदारी साधारणपणे अमर्यादित असे. एकाने बुडवले तर साऱ्यांनी भरायचे. त्यामुळे पहारा शेजाऱ्याचाच होता, शिपायाचे काम नव्हते.

ते काम निघाले नंतर. ग्रामीण पतपाहणी समितीने १९५४ मध्ये सरकारने संस्थांत भागीदार व्हावे असे सुचवले. पैसा वाढला. पीककर्ज, खत, बियाणे सोसायटीतून मिळू लागले आणि संचालकाच्या खुर्चीला किंमत आली.

१ नोव्हेंबर १९५६ रोजी नागपूर मुंबई राज्यात गेले, आमचे सौंसर-पांढुर्णा मध्य प्रदेशात राहिले. दोन्ही राज्यांचे सहकारी कायदे मात्र १९६० च्याच नावाचे. महाराष्ट्राने १९६९ च्या दुरुस्तीने साखर कारखाने, जिल्हा बँका अशा मोठ्या संस्थांच्या निवडणुका जिल्हाधिकाऱ्यांकडे सोपवल्या. म्हणजे त्या घरच्या राहिल्याच नाहीत. सिंधुदुर्ग जिल्हा बँकेचे मतदान ३० डिसेंबर २०२१ ला होते. त्याआधी १८ तारखेला कणकवलीत प्रचारातल्या एका कार्यकर्त्यावर चाकूहल्ला झाला. अशा ठिकाणी बंदोबस्त नको असे कोण म्हणेल? भ्यालेल्या सभासदाचे मत हे मत नव्हे.

पण मला आठवते ते वेगळेच. आमच्या भागातल्या एका सोसायटीची निवडणूक होती. खताच्या पोत्यांशेजारी काठी टेकून शिपाई बसलेला, रांग शिस्तीत, आवाज नाही. वडील धुतलेले धोतर नेसून गेले होते. त्यांचे नाव यादीत नव्हते. फेडलेल्या कर्जाची पावती त्यांनी खिशातून काढून दाखवली. यादीत ते थकबाकीदारच राहिले. वडील शिपायाकडे वळले. तो आमच्याच बाजूचा, भला माणूस. उठून उभा राहिला आणि म्हणाला, "काकाजी, यादीत नाव नाही, त मी काय करू?" वडील परत आले. ती पावती पुढे कित्येक वर्षे देवघराच्या फळीवर होती.

त्या दिवशी कसलाच गुन्हा नोंदला गेला नाही. निवडणूक 'शांततेत' पार पडली.

तेव्हापासून मला वाटत आले आहे की सोसायटीची खरी मारामारी दारात होत नाही, यादीत होते. थकबाकी कोणाची दाखवायची, मेलेल्याचे नाव कधी काढायचे, नवा सभासद कोणाच्या शब्दावर घ्यायचा, हे मतदानाच्या कितीतरी आधी ठरते. तिथे काठी पोहोचत नाही. हे दिल्लीलाही उमगले होते. २०१२ पासून अमलात आलेल्या सत्त्याण्णवाव्या घटनादुरुस्तीने निवडणूक घेण्याबरोबरच मतदारयादी करण्याचे कामही स्वतंत्र यंत्रणेकडे दिले, आणि मुदत संपण्यापूर्वी निवडणूक झालीच पाहिजे असे घातले. निम्म्या राज्यांच्या विधिमंडळांची संमती घेतली नव्हती, म्हणून राज्यांतल्या संस्थांपुरता तो भाग सर्वोच्च न्यायालयाने २० जुलै २०२१ रोजी रद्द ठरवला. राज्यांचे आपापले कायदे तेवढे उरले.

आणि आमच्याकडे? मध्य प्रदेशातल्या गावसोसायट्यांच्या निवडणुका २०१३ मध्ये झाल्या. पाच वर्षांची मुदत सरली, तरी पुढची निवडणूक वर्षानुवर्षे लांबत गेली. कारभार प्रशासकांनी पाहिला. ना पत्रके, ना भांडण, ना बंदोबस्त.

सावकाराच्या दारातला शिपाई सोसायटीच्या दारात आला, तेव्हा आम्हाला वाईट वाटले होते. तो तिथूनही गेला, तेव्हा कळले की त्याच्यासमोर निदान रांग तरी होती.