कांचनजुंगा

हिमालयातील हिमाच्छादित शिखर. जगात तिसरे, भारतात सर्वोच्च. उंची ८,५८६ मी. ते नेपाळ व सिक्कीम यांच्या सीमेवर असून त्याला पाच शिखरे आहेत. झेमू, तालुंग, यालुंग व कांचनजुंगा या हिमनद्या त्याच्या चार बाजूंना उतरतात. झेमूचे पाणी पुढे तीस्तेला मिळते. तीस्तेला पावसाबरोबरच वितळत्या बर्फाचाही आधार असतो.

हे शिखर बंगालच्या उपसागराला जवळ असल्याने नैर्ऋत्य मोसमी वारे येथे प्रचंड हिमवृष्टी करतात. हिमकडे सतत कोसळतात. चढाईस योग्य असे दिवस मुख्यतः मे महिन्यात, पावसाळ्यापूर्वीच्या थोड्या उघडिपीत मिळतात.

जर्मन गिर्यारोहक पाउल बाउअर यांच्या १९२९ व १९३१ च्या मोहिमा ईशान्य सोंडेवरून परतल्या. २५ मे १९५५ रोजी ब्रिटिश मोहिमेतील जो ब्राउन व जॉर्ज बँड यालुंग बाजूने वर पोहोचले, पण सिक्कीमवासीयांना पवित्र असलेल्या माथ्यावर पाऊल न ठेवता काही फूट खालीच थांबले. गिर्यारोहणाच्या इतिहासात इतका सुंदर संयम क्वचितच दिसतो. बाउअर यांना नडलेली ईशान्य सोंड १९७७ मध्ये कर्नल नरेंद्र कुमार यांच्या नेतृत्वाखालील भारतीय सेनेच्या मोहिमेने सर केली. ३१ मे रोजी मेजर प्रेमचंद व नाईक निमा दोर्जे शेर्पा माथ्याशी पोहोचले.

महाराष्ट्राच्या दृष्टीने महत्त्वाची मोहीम पुण्याच्या ‘गिरिप्रेमी’ संस्थेची. उमेश झिरपे यांच्या नेतृत्वाखाली तिच्या १० गिर्यारोहकांनी १५ मे २०१९ रोजी नेपाळच्या बाजूने हे शिखर गाठले. सिक्कीमच्या बाजूने चढाईस बंदी आहे.